हद्दीतलं घर

दवाखान्यातून परत आलेलं गाठोडं लेकीनं सायकलवरून उतरवलं आणि ओट्यावर तसंच ठेवलं. वरची गाठ तिची नव्हती. म्हणजे तिथं कुणीतरी गाठोडं सोडून, चादरी उलगडून पाहिल्या होत्या आणि पुन्हा कशातरी कोंबल्या होत्या.

"काय झालं?" धोबिणीनं विचारलं.

"सिस्टर म्हणाली, पिवळ्या पडल्यात. वास येतोय म्हणाली. सगळ्यांसमोर एक चादर माझ्या नाकाशी धरली."

"मग?"

"येत होता वास."

धोबिणीनं एक चादर उचलून उजेडात धरली. भट्टीत उकळून, सोडा घालून, दोनदा आपटून काढलेली चादर, आणि तरी तिच्यावर चहा सांडून पुसल्यासारखा रंग होता. गाळाचा वास होता. लग्न होऊन या घरात आल्याला बावीस वर्षं झाली होती. एवढ्या वर्षांत हरवलेला कपडा होता, जळलेला होता, एकदा गाईनं चघळलेला होता. पण न धुतल्यासारखा म्हणून परत आलेला कपडा हा पहिलाच.

दोष तळ्याचा होता. पावसाळा संपून तीन महिनेसुद्धा झाले नव्हते, पण पाणी घाटापासून वीस पावलं मागं सरकलं होतं. पाऊस कमी झालेला नव्हता. तळ्यात पाणी येतं ते पूर्वेच्या ओढ्यानं. त्या ओढ्याच्या तोंडाशी आदल्या उन्हाळ्यात गावातल्या व्यापारी शेठनं गोदाम बांधलं होतं. सिमेंट, खत, पत्रे, सगळं तिथून जायचं. जागा सपाट करायला त्यानं दगडमातीची भर घातली आणि पाणी जायला म्हणून खालून दोन नळे टाकले. पहिल्याच लोंढ्याबरोबर आलेल्या काडीकचऱ्यानं ते नळे बुजले. ओढ्याचं पाणी गोदामाच्या भिंतीला थडकून पलीकडच्या उतारावर निघून गेलं. तळ्यात उरलं ते वरून पडलं तेवढंच.

धोबी, म्हणजे तिचा नवरा, गुडघाभर चिखलात उभा राहून चादरी आपटत होता. हल्ली त्याला दगड सोडून आत जावं लागे. चिखलात फळी टाकून तिच्यावर कपडा आपटायचा. फळी प्रत्येक फटक्याला एका बाजूनं उचलली जायची आणि चिखल तोंडावर उडायचा.

"परत आल्या," धोबिणीनं काठावरून सांगितलं.

त्यानं हातातली चादर पिळली. पिळताना पाठीत कळ आली तसा थोडा वेळ वाकूनच राहिला. "किती?"

"सगळ्या."

त्यानं पुढची चादर घेतली.

गावच्या ऑफिसात ती तीन वेळा गेली. पहिल्यांदा कारकून जेवायला गेला होता. दुसऱ्यांदा तो होता, पण रजिस्टर कुलपात होतं आणि किल्ली घेऊन शिपाई बहिणीकडं गेला होता. तिसऱ्यांदा त्यानं लेकीनं लिहिलेला अर्ज वाचला, चष्मा कपाळावर चढवला आणि म्हणाला, "बाई, परवानगी आहे त्यांच्याकडं. कागद आहे."

"तळ्यात बांधायची परवानगी कोण देतं?"

"तळ्यात कुठं? तळ्याशेजारी. शेजारी आणि आत यांत फरक असतो."

"मग पाणी कुठून येणार?"

"ते आमच्या टेबलाला येत नाही."

तिथून ती वकीलबाईंकडं गेली. वकीलबाई दवाखान्याच्या मागच्या गल्लीत राहायच्या. त्यांचा काळा कोट आणि गळ्याच्या पांढऱ्या पट्ट्या धोबिणीकडंच यायच्या. कोर्टात उभी राहिल्यावर कशी असेल ही बाई, असा विचार तिनं तो कोट इस्त्री करताना पुष्कळदा केला होता. घरात त्या पायात वेगवेगळ्या रंगांच्या चपला घालून, दातात पेन्सिल धरून बसलेल्या असत. त्यांनी सगळं ऐकलं आणि विचारलं, "तुझं घर कुठं आहे?"

"घाटावरच. गोदामापासून चाळीस पावलं."

"कुणाच्या जागेत?"

"सासऱ्यांनी बांधलंय."

"ते विचारलं नाही मी," वकीलबाई म्हणाल्या. पण तेव्हा त्यांनी ते तेवढ्यावरच सोडलं.

दावा दाखल झाला. शेठच्या वकिलानं उत्तर दिलं, की गोदाम तळ्याच्या हद्दीबाहेर आहे. कोर्टानं मोजणीचा हुकूम काढला. एवढ्याला दोन महिने गेले. तेवढ्यात दवाखान्यानं काम निम्म्यावर आणलं. लेक आता शेजारच्या गावापर्यंत सायकल मारून घरगुती कपडे गोळा करू लागली. स्वच्छ पाण्यासाठी धोबी आणि धोबीण पहाटे निघून दीड कोसावरच्या विहिरीवर जात, डोक्यावर ओली गाठोडी घेऊन परत येत. ओला कपडा काय वजनाचा असतो ते मानेला कळतं. धोबिणीची मान संध्याकाळी वळेनाशी झाली. कुणी हाक मारली की ती अख्खी वळायची. लेक हसायची. मग एकदा हसायची थांबली.

मोजणीदार आला तो बारीक, उन्हानं रापलेला माणूस होता. बरोबर दोन मदतनीस, साखळी, झेंड्या आणि कापडावर चिकटवलेला जुना नकाशा. तळ्याला पाच दगड होते. पाचही कोपऱ्यांवर एकेक, डोक्यावर फुली कोरलेली. दुपारपर्यंत चार सापडले. एक बाभळीच्या मुळात, एक पुलाच्या भिंतीत चिणलेला, दोन नुसते उघड्यावर. पाचवा पूर्वेचा. त्या कोपऱ्याशीच नकाशा घडीवर फाटलेला होता.

"पाचवा मिळाल्याशिवाय पूर्वेची रेघ पक्की होत नाही," मोजणीदार म्हणाला. "रेघ सरळ असेल तर गोदाम आत. रेघ वळलेली असेल तर बाहेर."

"वळलेलीच होती," शेठ म्हणाला. तो छत्री धरून उभा होता. पन्नाशीचा, जाड, सावकाश बोलणारा. "माझे वडील सांगायचे."

"तुमचे वडील इथं राहत होते?" धोबिणीनं विचारलं.

"नव्हते. पण सांगायचे."

मदतनिसांनी पूर्वेला तीन ठिकाणी खणून पाहिलं. गोट्यांशिवाय काही निघालं नाही. मोजणीदारानं आठ दिवसांनी परत येतो म्हणून सांगितलं. तोवर दगड सापडला तर ठीक, नाही तर 'हद्द निश्चित होत नाही' असा अहवाल जाईल. शेठनं मोजणीदाराला छत्रीखाली घेऊन रस्त्यापर्यंत पोचवलं.

दिवसभर सासरा दारात बसून हे सगळं पाहत होता. पंचाहत्तरी उलटलेली, बोटं सोड्यानं खाऊन वाकडी झालेली. एरवी कुणी खणायला लागलं की कुदळ कशी धरायची ते सांगितल्याशिवाय त्याला राहवत नसे. आज त्यानं तोंड उघडलं नव्हतं. धोबिणीच्या ते लक्षात आलं होतं.

संध्याकाळी ताटं वाढली. त्यानं पहिला घास हातात घेतला आणि तसाच धरून बसला.

"आबा, जेवा," ती म्हणाली.

"दगड भट्टीखाली आहे," म्हातारा म्हणाला.

मग त्यानंच पुढं सांगितलं. चाळीस वर्षांपूर्वी घर बांधलं तेव्हा तळं एक वर्ष आटलं होतं. काठ कुठं आणि तळ कुठं कळत नव्हतं. कपडे उकळायची भट्टी घालायला सपाट बैठक हवी होती आणि नेमका तिथं घडवलेला चौकोनी दगड होता. "फुली बघितली होती मी. सरकारी आहे तेही कळलं होतं. उपटायचं जिवावर आलं, म्हणून त्याच्यावरच भट्टी रचली. तेव्हा विचारायला कुणी येत नव्हतं."

धोबीण उठून भट्टीकडं गेली. भट्टी घराच्या मधोमध होती. तळ्याकडं तोंड केलेली पुढची खोली तिच्या अलीकडं, मागची लहान खोली पलीकडं. तिथं उभी राहून तिनं पुलाच्या दगडाकडं नजर टाकली, मग बाभळीकडं. रेघ सरळ होती. गोदाम अख्खं आत येत होतं. आणि घराची पुढची खोलीही. इस्त्रीचं टेबल, कपड्यांच्या फळ्या, खिडकी, म्हाताऱ्याची खाट, सगळं तळ्यात.

"झालं," धोबी म्हणाला. "हे इथंच मिटवायचं. आबा, हे बाहेर बोलायचं नाही."

"मी चाळीस वर्षं बोललो नाही," म्हातारा म्हणाला. "तुम्ही ठरवा. मला विचारलं तर मी खोटं सांगणार नाही. विचारलं नाही तर बसून राहीन."

दोन दिवसांनी शेठ स्वतः आला. त्याला बसायला लेकीनं इस्त्रीच्या टेबलाजवळचं स्टूल दिलं. तो खोलीभर बघत होता. छत, भिंत, भट्टी. त्याला दगडाचं माहीत नव्हतं, पण धंद्यात मुरलेला माणूस होता.

"वहिनी," तो म्हणाला, "तुम्ही आणि मी एकाच पाण्यात बसलोय. मोजायला गेलं की दोघंही भिजणार. दावा मागं घ्या. माझ्या बोअरचं पाणी तुमच्या दारात आणून देतो. नळ. आयुष्यभर."

"वाईट नाही," धोबी म्हणाला.

"किती वेळ सुटेल?" धोबिणीनं विचारलं.

"सकाळ-संध्याकाळ एकेक तास. घरच्यासारखं."

"दवाखान्याच्या साठ चादरी तासाभरात नळावर धुवून दाखवा. आणि तुमची मोटर जळली की?"

"दुरुस्त करू."

"आणि तुमचं मन फिरलं की?"

शेठ हसला, राग न धरता. "विचार करा," म्हणाला आणि उठला. दाराच्या चौकटीला हात लावून त्यानं ती हलवून पाहिली. "चांगलं लाकूड आहे," म्हणाला.

तो गेल्यावर नवरा-बायकोत भांडण झालं, तेही आवाज न चढवता. त्यांची भांडणं कामावरच व्हायची, एकेका कपड्यागणिक एकेक वाक्य.

"डोक्यावरचं छप्पर आपल्या हातानं काढून देणारी तू पहिलीच."

"छप्पर राहील. खाली बसून करायचं काय?"

"नळ घेऊ."

"म्हणजे धुवायचं का नाही ते रोज त्याला विचारायचं."

"लेकीचं लग्न या घरातून करायचंय."

"लेकीला विचारा."

लेक फळीवरचे सदरे लावत होती. "मला मधे घेऊ नका," ती म्हणाली. थोड्या वेळानं म्हणाली, "पण त्या सिस्टरसमोर मला परत उभं राहायचं नाहीये."

आठव्या दिवशी मोजणीदार आला. शेठ आला, दोन्ही वकील आले, बघायला निम्मं गाव आलं. मोजणीदारानं धोब्याच्या दारातच कागद काढला आणि विचारलं, "पाचव्या दगडाबद्दल कुणाला काही माहिती?"

म्हातारा खाटेवर उठून बसला. धोब्यानं खाली मान घातली. धोबिणीनं कोपऱ्यातली पहार उचलली. भट्टी सकाळी पेटवलीच नव्हती, ते धोब्याच्या आत्ता लक्षात आलं. तिनं वरचं तांब्याचं भांडं लेकीच्या मदतीनं उतरवलं आणि पहार विटांच्या सांध्यात घातली. पहिल्या तीन घावांना नुसती राख उडाली. चौथ्याला वीट सुटली. मग कुणी मदतीला पुढं यायच्या आत तिनं एकेक वीट काढून बाजूला रचली, पुन्हा वापरायच्या म्हणून. काळ्या मातीखाली दगड लागला. लेकीनं त्याच्यावर तांब्याभर पाणी ओतलं. फुली दिसली.

मोजणीदार गुडघ्यावर बसला. त्यानं बोटानं फुलीतली माती काढली. "बाई, ही रेघ तुमच्या घरातून जाते," तो हळू म्हणाला, तिला एकटीला कळावं असं.

"दिसतंय मला."

"लिहू ना?"

"लिहा."

धोबी गर्दीतून वाट काढून तळ्याकडं निघून गेला. त्या दिवसापासून तो तिच्याशी बोलेना. जेवायचा, कामाला यायचा, चादरीचं दुसरं टोक धरून पिळायचा. चादर पिळायला दोन माणसं लागतात आणि दोघांनी उलट दिशांना वळवावी लागते, तेवढं ते बिनबोभाट करायचे. सांगायचं असेल ते तो लेकीला सांगायचा. लेक तिथंच उभ्या असलेल्या आईला सांगायची.

कोर्टात म्हाताऱ्याची साक्ष झाली. न्यायाधीशांनी विचारलं, "चाळीस वर्षं गप्प का होतात?"

"कुणी विचारलं नाही," म्हातारा म्हणाला. मग कठड्याला धरून जरा थांबून म्हणाला, "आणि बरं वाटत होतं. घर होतं."

निकाल लागला. तळ्याच्या हद्दीतली सगळी बांधकामं, गोदाम आणि धोब्याच्या घराचा पुढचा भाग, तीस दिवसांत काढायची. शेठ पंधराव्या दिवशी वरच्या कोर्टात गेला आणि स्थगिती घेऊन आला.

"स्थगिती सगळ्या हुकुमाला आहे," वकीलबाईंनी समजावलं. "म्हणजे तुझंही घर तूर्त सुरक्षित. कुणी हात लावू शकत नाही."

"आणि ओढा?"

"ओढा तसाच. पुढची तारीख दोन महिन्यांनी. त्यांचा मुद्दा एकच आहे. दावा करणारी स्वतःच अतिक्रमण करून बसलीय, म्हणजे ती स्वच्छ हातांनी कोर्टात आलेली नाही. असं म्हणतात कायद्यात."

धोबिणीनं आपल्या हातांकडं पाहिलं. सोड्यानं पांढरे पडलेले, सुरकुतलेले, नखं झिजलेली. "हात तर रोजच स्वच्छ असतात," ती म्हणाली.

वकीलबाईंना हसू आलं. मग त्या पेन्सिल चावू लागल्या. "मी तुला काही सांगत नाहीये," त्या म्हणाल्या. "पण तो मुद्दा एकाच गोष्टीनं संपतो."

घरी येऊन धोबिणीनं लेकीला सांगितलं, "बाबांना सांग, उद्यापासून पुढची खोली उतरवायची."

धोबी तिथंच सुतळी वळत बसला होता. "आईला सांग," तो म्हणाला, "डोकं फिरलंय का विचार. कोर्ट म्हणतंय राहा, आणि ही म्हणते पाडा."

"शेठचं कोर्ट म्हणतंय राहा," धोबीण म्हणाली.

लेकीनं यातलं काहीच कुणाला सांगितलं नाही.

सकाळी तिनं शिडी लावली. पत्र्यांचे आकडे गंजलेले होते. पक्कड लावून फिरवायला गेली की डोकं तुटून हातात यायचं. उन्हं चढेपर्यंत तिनं चार आकडे काढले आणि तळहाताला फोड आणला. लेक खालून पत्रा धरत होती. म्हातारा झाडाखाली खाट टाकून बसला होता आणि कुणी विचारत नसताना सांगत होता, "आधी वळचणीकडचा. वळचणीकडचा आधी."

रस्त्यानं जाणारे थांबत होते. केस कापणारा न्हावी वस्तरा हातात घेऊनच आला. "लोकांची घरं मशीन येऊन पाडतं," तो म्हणाला, "तुम्हाला मशीन परवडलं नाही वाटतं."

कुणी हसलं. धोबिणीनं वर बसूनच सांगितलं, "तुझं गिऱ्हाईक अर्धी दाढी घेऊन बसलंय. जा."

दुपारी तिनं मधलाच पत्रा आधी सोडवला. कडेचा वासा सैल होता तो खाली झुकला आणि पत्र्याची धार लेकीच्या दंडाजवळून गेली. लागलं नाही. पण धोबी, जो इतका वेळ घाटावर पाठ करून बसला होता, तो तीन ढांगांत आला.

"उतर खाली," तो म्हणाला. दोन महिन्यांत तिच्याशी बोललेला हा पहिला शब्द. "वासे न बांधता पत्रा काढतात का? पोरीला मारशील."

ती उतरली. त्यानं दोरी मागितली, तिनं दिली. त्यानं वर चढून वासे बांधले आणि एकेक पत्रा क्रमानं सोडवून खाली देऊ लागला. तीन पत्रे झाल्यावर म्हणाला, "हा मी बसवला होता. लग्नाच्या आदल्या आठवड्यात. तू यायची म्हणून."

"माहीत आहे," ती म्हणाली.

"तुला कसं माहीत?"

"तुम्ही पंचवीस वेळा सांगितलंय."

भिंती उतरवायला नऊ दिवस लागले. कपड्यांचं काम बंद ठेवणं परवडणारं नव्हतं, म्हणून पहाटे विहीर, दुपारी भिंत, असं चाललं. विटा साफ करून, माती खरवडून मागं रचल्या. दार-खिडकी काढून ठेवली. नवी भट्टी मागच्या खोलीच्याही पलीकडं, हद्दीच्या दहा हात बाहेर घातली. चार माणसं, इस्त्रीचं टेबल, कपड्यांच्या फळ्या, सगळं मागच्या लहान खोलीत आलं. रात्री लेक टेबलाखाली झोपायची. पाय लांब केले की ते आजोबांच्या खाटेला लागायचे आणि म्हातारा झोपेत म्हणायचा, "कोण आहे?"

पुढची खोली गेली तिथं फक्त जमिनीचा सारवलेला चौकोन राहिला. दोन दिवस धोबीण सवयीनं तिथं जोडे काढून मग जायची.

तारखेला शेठच्या वकिलानं तोच मुद्दा मांडला. बोलायला चांगला होता. अर्जदार स्वतः त्याच जमिनीवर घर करून राहते, म्हणाला. तिनं दुसऱ्याकडं बोट दाखवावं हा काय न्याय. वकीलबाईंनी तो संपेपर्यंत थांबून मोजणीदाराचा नवा पाहणी अहवाल आणि फोटो पुढं ठेवले.

वरचे न्यायाधीश म्हातारे होते. त्यांनी फोटो चष्म्याजवळ नेऊन पाहिला. "अर्जदार आल्यात का?"

धोबीण उभी राहिली.

"हे कुणी पाडलं?"

"आम्हीच, साहेब."

"स्थगिती होती ना?"

"होती. पण ती त्यांनी मागितलेली होती. आम्ही मागितली नव्हती."

"आता कुठं राहता?"

"उरलेल्या खोलीत. ती हद्दीबाहेर आहे. मोजून घेतलीय."

न्यायाधीशांनी शेठच्या वकिलाला विचारलं, "आता तुमचा मुद्दा काय आहे?" वकिलानं कागद चाळले. मुद्दा होता, पण तो फारसा कामाचा उरला नव्हता. स्थगिती उठली. गोदामाला पंधरा दिवसांची मुदत मिळाली.

शेठनं माल हलवला. चौदाव्या दिवशी मशीन आलं. भिंत पाडायला अर्धा दिवस गेला आणि भर उपसायला चार दिवस. बुजलेले नळे निघाले तेव्हा त्यांत चिंध्या, प्लास्टिक, एक मेलेलं कुत्रं आणि खताची रिकामी पोती होती. गाव बघायला आलं होतं. धोबी आणि धोबीण त्या दिवशी विहिरीवर होते, त्यांना काम होतं.

पावसाळा मध्यावर आला तेव्हा तळं घाटाच्या तिसऱ्या पायरीला लागलं. पाऊस फार चांगला नव्हता, पण आला तेवढा आत आला. पुढच्या खोलीचा चौकोन पाण्याखाली गेला. धोबीण दवाखान्यात गेली आणि नमुना म्हणून धुवून नेलेली घरचीच एक चादर सिस्टरसमोर उलगडली. सिस्टरनं ती हातात घेऊन वास घेतला. "छान आहे," म्हणाली. "पण आता आम्ही शहरातल्या धुलाई मशीनला सगळं काम दिलंय. वर्षाचा करार झालाय. पुढच्या वर्षी ये."

धोबीण चादर घडी करून परत घेऊन आली. घरी ती फळीवर ठेवली. नवऱ्यानं घडीकडं बघूनच ओळखलं.

"घरगुती कपड्यांवर निघेल वर्ष," तो म्हणाला. "पोरीनं गिऱ्हाइकीला दोन गावं बांधलीत. आणखी दोन बांधेल."

'तरी मी सांगत होतो,' असं त्याला म्हणता आलं असतं. त्यानं म्हटलं नाही. ते तिनं मनात ठेवलं.

महिन्याभरानं शेठच्या घरून गाठोडं आलं. मोलकरणीनं आणून दिलं, अकरा नग, सदरे आणि धोतरासारख्या पातळ चादरी. नव्या गोदामाच्या बोअरला खारं पाणी लागलं होतं आणि घरचा नळही त्यावरच होता. घरी धुतलेला प्रत्येक पांढरा कपडा करडा पडत होता.

"परत पाठव," धोबी म्हणाला.

"कपड्यांनी काय घोडं मारलंय?" असं म्हणून तिनं कपडे ओळखायच्या निशाणीचा दोरा ओवला.

तिसऱ्या दिवशी कपडे न्यायला शेठ स्वतः आला. बसायला पुढची खोली नव्हती. मागच्या खोलीत वाळलेल्या कपड्यांमधून वाकून यावं लागलं. स्टूलवर म्हाताऱ्याची औषधं होती ती लेकीनं उचलली. शेठ बसला. त्यानं एक सदरा उघडून कॉलर पाहिली, मग पुन्हा होता तसाच घडीवर मिटवला. दारातून पाणी दिसत होतं. धोबी कमरेएवढ्या पाण्यात दगडाशी उभा होता, आपटण्याचा आवाज थोडा उशिरा येत होता.

"वहिनी," शेठ म्हणाला, "एक विचारू? तो दगड तुम्ही दाखवला नसता तर दोघांचंही वाचलं असतं. मी तुम्हाला कधी उठवलं नसतं, हे तुम्हालाही माहीत होतं."

"होतं," ती म्हणाली.

"मग?"

ती इस्त्रीतले निखारे फुंकत होती. वर बघून म्हणाली, "मग आज हे कपडे कुठं धुतले असते?"

शेठनं गाठोड्याची गाठ मारली. तिनं पुढचा सदरा पसरला, बोटं बुडवून त्याच्यावर पाणी शिंपडलं. तो गाठोडं काखेत मारून उठला आणि कपड्यांमधून वाकून बाहेर पडला. सवयीनं तो सरळ निघाला, जुन्या गोदामावरून रस्त्याला लागणाऱ्या वाटेनं. दहा पावलांवर थांबला. ती वाट आता पाण्याखाली होती. तो मागं वळला आणि कपडे भिजू नयेत म्हणून गाठोडं खांद्यावर घेऊन बांधावरून लांबच्या वाटेनं चालू लागला.